सातपुड्याच्या पायथ्याचा यात्रिक : कै. गो. नी. दांडेकर

सातपुड्याच्या दक्षिण उतारावर बोरगाव, सौंसर, पांढुर्णा हा आपला संत्र्या-कपाशीचा मुलूख वसला आहे. त्याच डोंगररांगेच्या पायथ्याशी, आपल्यापासून थोडे पश्चिमेस, परतवाडा हे गाव आहे. पांढुर्ण्याहून वरूड, मोर्शी अशी वाट धरली की माणूस तेथे पोहोचतो. अचलपूरच्या शेजारचे हे गाव म्हणजे मेळघाटाचे दारच होय. उत्तरेस पाहावे तो डोंगर, आणि बैतूलच्या रस्त्यावर बहिरमचे ठाणे, जेथे पौष महिन्याच्या सुमारास मोठी यात्रा भरते. या परतवाड्यात ८ जुलै १९१६ रोजी गोपाल नीलकंठ दांडेकर यांचा जन्म झाला. त्या काळी वऱ्हाड आणि आपला छिंदवाडा जिल्हा हे एकाच मध्यप्रांत-वऱ्हाड सरकारच्या अमलाखाली होते. पुढे १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची नवी वाटणी झाली, वऱ्हाड तिकडे गेले आणि आपण इकडे राहिलो. २०२३ साली पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला. सरकारी रेघा अशा हलत असतात. नद्यांचे मात्र तसे नाही. तापी मुलताईस उगम पावते, वर्धा मुलताईच्याच पठारावरून खाली उतरते, आणि पूर्णा बैतूल जिल्ह्याच्या डोंगरांत जन्मून वऱ्हाडात जाते. या पूर्णेला माय म्हणणाऱ्या माणसांवर दांडेकरांनी पुढे एक कादंबरी लिहिली. म्हणून या लेखकाचे चरित्र आपल्या मंडळींस परके वाटू नये.

दांडेकर हे आडनाव कोकणपट्टीचे. परंतु गोपालाचे बाळपण गेले ते वऱ्हाडी बोलीत, वऱ्हाडी उन्हात आणि वऱ्हाडी माणसांत. घरी धार्मिक वळण होते. मुलगा सातवीच्या वर्गात असताना देशात असहकाराचे आणि सत्याग्रहाचे वारे वाहू लागले. शाळेत बसून धडे गिरवणे त्यास व्यर्थ वाटू लागले, आणि वयाच्या अवघ्या तेराव्या वर्षी तो स्वातंत्र्याच्या चळवळीत पडण्यासाठी घर सोडून निघाला. त्याचे शालेय शिक्षण तेथे जे थांबले ते कायमचे.

तेरा वर्षांचे पोर घर सोडते तेव्हा मागे काय होत असेल, हे मुलाबाळांच्या माणसास सांगावयास नको. आपल्याकडे अशा गोष्टी सांगताना निघून गेलेल्याच्या वैराग्याचे कौतुक फार होते, आणि चुलीपाशी बसलेल्या आईची आठवण कोणी काढीत नाही. दांडेकर मात्र तिला विसरले नाहीत. त्यांच्या कादंबऱ्या एकामागून एक वाचल्या म्हणजे ध्यानात येते की वाट पाहणारी, राखण करणारी, पडक्या घरात दिवा लावून बसलेली बाई त्यांत फिरून फिरून येते. स्वतः निघून गेलेल्या मुलाने आयुष्यभर मागे राहिलेल्यांची कथा लिहावी, यात मला तरी एक ऋण फेडण्याची धडपड दिसते.

घर सुटल्यावरच्या वर्षांत त्यांना जे अनेक लोक भेटले त्यांत सर्वांत मोठे म्हणजे श्रीगाडगे महाराज. महाराज मूळचे अमरावती जिल्ह्यातील शेंडगावचे. त्यांचा जन्म १८७६ सालचा. डोक्यावर फुटके गाडगे, अंगावर चिंध्या, हातात खराटा, असा त्यांचा वेष आपल्या भागातील जुन्या मंडळींनी प्रत्यक्ष पाहिलेला होता. दिवसा गाव झाडावयाचे आणि रात्री त्याच गावात कीर्तन करावयाचे, ही त्यांची रीत. कीर्तनात ते श्रोत्यांस प्रश्न विचारीत, आणि उत्तर देता देता श्रोताच आपल्या कर्जाची, दारूची, पशुहत्येची, शिवाशिवीची लाज पत्करीत असे. पूर्णेच्या काठी ऋणमोचन येथे भाविकांचे हाल पाहून त्यांनी घाट बांधविला. पंढरपूर, आळंदी, देहू, नाशिक येथे धर्मशाळा उभ्या केल्या. पंढरीस जाऊनही त्यांचे पाय गाभाऱ्याकडे वळत नसत. ते यात्रेकरूंच्या सोयी पाहत आणि वाळवंट झाडीत, हे सर्वश्रुत आहे.

देवळाच्या पत्रिकेत हे लिहिताना किंचित थबकावेसे वाटते. तरी लिहिले पाहिजे, कारण दांडेकरांच्या श्रद्धेची घडण येथेच झाली. कोवळ्या वयात ते या खराटेधारी संताच्या सहवासात आले आणि त्यांचा संदेश घेऊन गावोगाव हिंडले. देवाची पूजा त्यांनी कधी हिणवली नाही. ते स्वतः रसिक, भाविक, पूजापाठाचा गोडवा जाणणारे होते. पण भुकेल्याच्या मुखात घास पडला की देव जेवला, हा गाडगेबाबांच्या घरचा धडा त्यांच्या मनातून कधी पुसला गेला नाही. महाराजांचे निर्वाण २० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीजवळ वलगाव येथे, पेढी नदीच्या परिसरात झाले. त्यांचे चरित्रही दांडेकरांनी पुढे लिहिले.

संतसहवासानंतर शास्त्राभ्यासाची ओढ लागली. शाळा सोडलेल्या या मुलाने संस्कृत आणि वेदान्त यांचे अध्ययन केले, आणि तेही पोथी पाठ करण्यापुरते नव्हे. परंतु शास्त्रींच्या पाठशाळेतही त्यांचे पाय फार काळ स्थिर राहिले नाहीत. त्यांनी भारतभर भ्रमण केले, आणि त्या भ्रमणातील मुकुटमणी म्हणजे नर्मदेची परिक्रमा.

नर्मदा ही आपल्याकडची माय. सौंसर-पांढुर्ण्याकडील कुटुंबे अमावास्येस, संक्रांतीस, अस्थी घेऊन वा नवस फेडावयास तिच्या काठी जातातच. परिक्रमेचे नियम आपल्यापैकी पुष्कळांस ठाऊक असतील. नदी सदैव उजव्या हातास ठेवावयाची, तिचा प्रवाह कोठेही ओलांडावयाचा नाही, जवळ द्रव्य बाळगावयाचे नाही, आणि जे काठचे लोक देतील ते मैयाचा प्रसाद म्हणून खावयाचे. अमरकंटकापासून समुद्रापर्यंत नर्मदेची लांबी सुमारे १३१२ किलोमीटर आहे. म्हणजे दोन्ही तीर चालून येणाऱ्यास अडीच हजार किलोमीटरांहून अधिक मजल पडते. रूढीप्रमाणे तिला तीन वर्षे, तीन महिने, तेरा दिवस लागतात. वाटेत शूलपाणीची झाडी. तेथे भिल्ल लोक यात्रेकरूस लुटून लंगोटीवर आणीत, आणि तो प्रकारही मैयाची परीक्षाच समजून लोक पुढे चालत.

या वाटेवर तरुण गोपालाने काय मिळविले? पुण्याचा हिशेब चित्रगुप्तापाशी असो. आपल्याला दिसते ती शिदोरी निराळी आहे. रोज संध्याकाळी अनोळखी दारात उभे राहावयाचे, आणि कोणी अनोळखी हाताने झोळीत भाकर, पीठ, मूठभर डाळ घालावी. देणाऱ्याने नाव विचारावे किंवा न विचारावे. सकाळी उठून पुन्हा चालू लागावे, ते बहुधा पुन्हा कधी न भेटण्यासाठी. असे शेकडो दिवस ज्याच्या वाट्यास आले त्याचे माणसांविषयीचे मत पुस्तकांवरून बनत नाही. दांडेकरांच्या लेखनात दुष्ट माणसे थोडी आहेत, अशी टीका कधी कधी होते. ती अगदीच खोटी नाही. त्यांच्या पानांत भाबडेपणा डोकावतो, भावनेचा पूर कधी कधी काठ सोडतो. पण तो भाबडेपणा खोलीत बसून सुचलेला नव्हे. तो भिक्षेच्या अन्नातून आलेला आहे, आणि ज्याने लोकांचे अन्न खाल्ले त्याला लोकांविषयी वाईट लिहिणे जड जाते.

या यात्रेतून निपजलेली कादंबरी म्हणजे ‘कुणा एकाची भ्रमणगाथा’. ती १९५७ साली प्रसिद्ध झाली. नावातच लेखकाने स्वतःला लपविले आहे. गाथा कुणाची, तर कुणा एकाची. तीत घाट आहेत, मठ आहेत, साधू आणि भोंदू दोन्ही आहेत, निबिड अरण्य आहे, आणि सर्वांहून अधिक म्हणजे जिव्हाळा लावणारी माणसे आहेत. चालणाऱ्याने थांबावे की पुढे जावे, हा त्या पुस्तकातला खरा पेच होय. नियम म्हणतो चाल, आणि ममता म्हणते बैस. देवासाठी निघालेल्यास माणसांची माया आड येते की तीच देवाची खूण असते, हे ठरवून सांगण्याची घाई लेखक करीत नाही. ज्या घरांतील कोणी परिक्रमेस जाऊन आले असेल त्यांनी हे पुस्तक अवश्य वाचावे. आपल्या ओळखीचे घाट त्यांस भेटतील, आणि काही घाट आता भेटणारही नाहीत.

कारण दांडेकर ज्या तीरांवरून चालले ते तीर आता पुष्कळ ठिकाणी जलाखाली आहेत. जबलपूरजवळचे बरगी धरण, पुनासाचे इंदिरासागर आणि शेवटी गुजरातेतील सरदार सरोवर, असे एकामागून एक बांध नर्मदेस पडले. हरसूद हे नांदते गाव २००४ साली उठले. शूलपाणेश्वराचे प्राचीन देऊळ बुडाले आणि देवास नव्या जागी न्यावे लागले. सरदार सरोवराचे लोकार्पण २०१७ साली झाले. परिक्रमावासी अद्याप चालतात, पण त्यांची वाट आता पुष्कळदा डांबरी सडकेने, फुगलेल्या पाण्याला वळसा घालून जाते. मौज अशी की याच दांडेकरांनी १९५९ साली ‘आम्ही भगीरथाचे पुत्र’ ही कादंबरी भाक्रा-नांगल धरणाच्या बांधकामावर लिहिली. सतलजेस अडविणाऱ्या श्रमिकांकडे आणि यंत्रज्ञांकडे त्यांनी भगीरथाचे वारसदार म्हणूनच पाहिले. त्या धरणाच्या पाण्यात जुने बिलासपूर देवळांसह बुडाले. स्वातंत्र्यानंतरच्या त्या पहिल्या उमेदीच्या दिवसांत सारा देशच तसा पाहत होता. नदीवर प्रेम करणारा आणि नदी बांधणाऱ्याचे कौतुक करणारा, असे दोघेही एकाच लेखकात नांदत होते. त्यांत कोणता खरा, असे विचारण्यात अर्थ नाही. दोन्ही खरे.

भ्रमण संपले आणि प्रपंच सुरू झाला. मध्यंतरी त्यांनी राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे काम काही काळ केले. विवाह झाला. पुण्याजवळ तळेगाव दाभाडे येथे त्यांनी बिऱ्हाड थाटले. उत्तरेस इंद्रायणी, दक्षिणेस पवना, भोवती भंडारा, भामचंद्र, घोराडेश्वर हे तुकोबांच्या पायांनी पुनीत झालेले डोंगर. स्थळ असे निवडले की अंगणातून निघावे आणि दोन घटकांत डोंगर चढू लागावे.

१९४७ साली त्यांनी एक निश्चय केला, आणि त्याचे धाडस आज ध्यानात येणे कठीण आहे. केवळ लेखणीवर संसार चालवावयाचा, असा तो निश्चय होता. हाताशी पदवी नाही, नोकरी नाही, वडिलार्जित इस्टेट नाही. मराठी पुस्तकांच्या आवृत्त्या लहान, आणि लेखकास मिळणारे मानधन त्याहूनही लहान. मुलांसाठी गोष्टी, संतांची चरित्रे, पुराणकथा, प्रवासवर्णने, जे जे हातून उतरेल ते ते त्यांनी लिहिले. त्यांच्या नावावरील पुस्तकांची संख्या शंभराच्या घरात जाते. या सगळ्यांचा दर्जा सारखा आहे असे कोणी म्हणणार नाही. काही पुस्तके पोटासाठी लिहिली गेली आणि तशी ती दिसतात. पण या ओढाताणीचा खरा भार त्यांच्या पत्नी नीराताई यांनी वाहिला. आज पैसे येतील की उद्या, पाहुणे किती येतील, धनी डोंगरातून केव्हा परततील, यांपैकी कशाचीच शाश्वती नसलेले घर चालविणे ही परिक्रमेहून सोपी गोष्ट नव्हे. लोक अप्पा दांडेकरांच्या भटकंतीचे गोडवे गातात. त्या भटकंतीच्या मागे एक चूल नेमाने पेटत होती, एवढे येथे नोंदवून ठेवतो.

१९५३ साली ‘शितू’ आली, आणि एक मोठा लेखक मराठीत अवतरल्याचे वाचकांस कळून चुकले. कोकणातील खाडीकाठची ही कथा. शितू ही बालविधवा. लोकांनी तिला पांढऱ्या पायाची, अपशकुनी ठरवून टाकलेले. तिच्या मनात जो निर्मळ अनुराग उमलतो त्यास समाजात जागा नाही, आणि तिला स्वतःलाही आपल्या नशिबाची धास्ती वाटते, की माझ्यामुळे त्याचे वाईट होईल. रूढी बाहेरून मारते हे सगळेच सांगतात. ती आतून कशी मारते, हे दांडेकरांनी दाखविले. आपल्या घरांतून हळदीकुंकवाच्या वेळी कोणास बाजूस बसविले जात असे, हे आठवणाऱ्या वडीलधाऱ्या स्त्रिया ‘शितू’ वाचून मुक्याच राहतील.

१९५५ साली आलेली ‘पडघवली’ ही माझ्या मते त्यांची सर्वांत पक्व कृती होय. कोकणातील एक आडबाजूचे गाव, आणि त्याची कथा सांगणारी अंबावहिनी. ती नवी सून म्हणून त्या गावात येते. झाडे, पाखरे, औषधी पाले, सणवार, देवीचा उत्सव, सोयरसुतक, सगळे ती आपल्या बोलीत सांगत जाते, आणि बोलता बोलता गाव डोळ्यांदेखत मोडत जाते. माणसे मुंबईची वाट धरतात, भाऊबंदकीची कीड लागते, एकेक घर ओस पडते. देव जागच्या जागी असतो, त्याच्या उत्सवास खांदा द्यावयास माणसे उरत नाहीत. आपल्या भागातील गावांनीही हा अनुभव घेतला आहे. मुले नागपुरास, पुण्यास, त्याहूनही दूर गेली, आणि पालखीच्या दिवशी कोणास बोलवावे हा प्रश्न पडला. म्हणून ‘पडघवली’ ही केवळ कोकणची कथा वाटत नाही. दांडेकर तीत कोणा एकास अपराधी धरून मोकळे होत नाहीत. जाणाऱ्यांचीही गरज खरी होती, हे ते जाणतात. अखेर ते स्वतः गेलेल्यांपैकीच एक होते.

१९५८ सालचा ‘माचीवरला बुधा’ त्याच्या उलट वाटेने जातो. मुंबईत हयात गेलेला एक म्हातारा शहरास विटून राजमाचीच्या एकाकी पठारावर परततो. तेथे त्यास सोबत ती झाडांची, पाखरांची, मुक्या जनावरांची. कथानक म्हणावे असे त्यात फारसे नाहीच. ऋतू फिरतात, पाऊस येतो, धुके उतरते, म्हातारा हळूहळू त्या पठाराचाच एक भाग होऊन जातो आणि अखेर तेथेच त्याचा देह पडतो. पुस्तकात वेदान्ताचा एक शब्द नाही. तरीही शास्त्रे शिकलेल्या माणसाने लिहिलेले हे अद्वैत आहे, असे जाणत्यांस वाटल्यावाचून राहत नाही.

निसर्ग म्हणजे नुसती शोभा, अशी त्यांची समजूत नव्हती, हे ‘जैत रे जैत’ या १९६५ सालच्या कादंबरीवरून दिसते. कुलाबा जिल्ह्यातील, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील, कर्नाळ्याच्या बाजूचे ठाकर लोक हा तिचा विषय. नाग्या हा भगताचा पोर, ढोल वाजविण्यात पटाईत. पुण्यवंत व्हावे, लिंगोबाच्या डोंगरावरील राणीमाशीचे दर्शन घडावे, या ध्यासाने तो नेमधर्माने वागतो. आणि मधमाशीच्याच दंशाने त्याचा डोळा जातो. येथे भाविकाचा संताप जागा होतो. मी काय पाप केले, असा जाब तो देवाच्या डोंगरास विचारतो आणि ती पोळी उतरविण्याची प्रतिज्ञा करतो. नवऱ्यास सोडून आलेली चिंधी त्याची सोबतीण होते. नाग्याची जैत होते, परंतु चिंधी त्या माश्यांच्या हल्ल्यात प्राण गमावते. नवस केला, नेम पाळला आणि तरी दुःख पदरी आले, असा प्रसंग कोणत्या भाविक घरात आला नाही? त्यावर गुळगुळीत उत्तर देणे सोपे होते. प्रारब्ध म्हणावे, परीक्षा म्हणावे आणि कथा आटोपावी. दांडेकरांनी नाग्याचा राग खरा मानला, आणि रागाची किंमतही खरी मानली. या कथेवर डॉ. जब्बार पटेल यांनी १९७७ साली चित्रपट काढला. पं. हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत, ना. धों. महानोरांची गीते, मोहन आगाशे आणि स्मिता पाटील यांच्या भूमिका यांमुळे ज्यांनी कादंबरी वाचली नाही त्यांच्याही कानी नाग्याचा ढोल पडला.

प्रत्येक कादंबरीत त्यांनी त्या त्या मुलखाची बोली आणली. कोकणची निराळी, मावळची निराळी, ठाकरांची निराळी. ‘पवनाकाठचा धोंडी’ मावळी बोलीत बोलतो, तर ‘पूर्णामायची लेकरं’ ही १९५७ सालची कादंबरी शुद्ध वऱ्हाडीत आहे. पुण्यामुंबईच्या वाचकांस ती वाचताना अडखळावे लागले असेल. आपल्याकडे मात्र घरात, शेतात, बाजारात जे बोलले जाते त्याच्या अगदी जवळची ती भाषा आहे. ‘मृण्मयी’ या १९७० सालच्या कादंबरीत त्यांनी वऱ्हाडची मुलगी कोकणात सून म्हणून पाठविली आणि आपल्या आयुष्यातील दोन मुलुखांची गाठ घालून दिली.

गडकिल्ले हे त्यांचे दुसरे तीर्थक्षेत्र. सह्याद्रीतील दुर्ग त्यांनी पायाखाली घातले, त्यांची छायाचित्रे घेतली, त्यांवर पुस्तके लिहिली, आणि तरुणांस बरोबर नेऊन राजगडासारखे गड दाखविले. शिवकालावर त्यांनी पाच कादंबऱ्या रचल्या. आज सुट्टीच्या दिवशी तरुणांच्या टोळ्या किल्ल्यांवर जातात. त्या छंदास लागलेल्या कित्येकांच्या घरी दांडेकरांचे एखादे पुस्तक होते.

संतचरित्रांचे त्यांचे लेखन हा आपल्या वाचकांच्या विशेष जिव्हाळ्याचा विषय. समर्थांवर ‘दास डोंगरी राहतो’, तुकोबांवर ‘तुका आकाशाएवढा’ आणि ज्ञानदेवांवर १९७५ साली ‘मोगरा फुलला’. या शेवटच्या ग्रंथाविषयी थोडे अधिक सांगितले पाहिजे. ज्ञानेश्वर माउलींची कथा आपण चमत्कारांनी सांगतो. रेडा, भिंत, मांडे. पण त्या कथेच्या मुळाशी एक घर आहे, मोडलेले. विठ्ठलपंत संन्यास घेऊन काशीस जातात, गुरूंच्या आज्ञेने पुन्हा गृहस्थाश्रमात येतात, आणि गाव त्या कुटुंबास वाळीत टाकते. चार मुलांस मुंज नाकारली जाते, आणि शेवटी आईबाप देहान्त प्रायश्चित्त पत्करतात, असे परंपरा सांगते. घर सोडणे, परत येणे आणि परत आल्याची किंमत मुलांनी मोजणे, हा प्रसंग ज्याने स्वतः घर सोडले होते आणि पुढे प्रपंच मांडला होता त्याच्या लेखणीतून उतरतो तेव्हा त्यास एक वेगळी धार येते. धर्माच्या नावाने लेकरांना दारात उभे न करणारे लोक त्या काळी धर्मनिष्ठच म्हणविले जात होते, हे दांडेकरांनी झाकून ठेवले नाही. आणि त्याच लेकरांनी पुढे जगासाठी मागणे मागितले, हेही तितक्याच नम्रतेने सांगितले.

आपल्या भ्रमणाच्या वर्षांची खरी हकीकत त्यांनी १९७३ साली ‘स्मरणगाथा’ या ग्रंथात सांगितली. पूर्वी ‘कुणा एकाची’ म्हणून जी गाथा झाकली होती ती आता स्वतःच्या नावाने उघड केली. या ग्रंथास १९७६ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ज्याने सातवीत शाळा सोडली त्यास देशातील मोठा वाङ्मयीन मान मिळावा, याचे त्या वेळी पुष्कळांस कौतुक वाटले. १९८१ साली अकोल्यास अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले आणि त्याचे अध्यक्षपद दांडेकरांकडे आले. अकोला म्हणजे पूर्णेच्या खोऱ्यातील शहर. अर्धशतकापूर्वी ज्या वऱ्हाडातून एक पोर निघून गेले होते त्याच वऱ्हाडाने त्यास अध्यक्ष म्हणून पाहिले.

१ जून १९९८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. वय ब्याऐंशीच्या उंबरठ्यावर होते.

त्यांच्या कन्या डॉ. वीणा देव आणि जावई डॉ. विजय देव यांनी १९७५ च्या सुमारास दांडेकरांच्या कादंबऱ्यांचे जाहीर अभिवाचन सुरू केले होते. वेष नाही, नेपथ्य नाही, पुस्तक समोर धरून तास दोन तास वाचावयाचे. आपल्याकडे चातुर्मासात पोथी वाचली जाते तोच हा प्रकार. शेकडो प्रयोग झाले, आणि दांडेकर गेल्यानंतरही ते चालू राहिले. वीणाताई २०२४ साली निवर्तल्या.

ज्या घरांत दांडेकरांचे एकही पुस्तक नाही त्यांनी आरंभ कोठून करावा, असे कोणी विचारील. मुलांसाठी ‘माचीवरला बुधा’ लहान आहे आणि सोपे आहे. परिक्रमेची ओढ असलेल्यांनी ‘कुणा एकाची भ्रमणगाथा’ घ्यावी. परंतु घरात आजोबा-आजी असतील तर ‘पूर्णामायची लेकरं’ आणावे, आणि रात्रीच्या जेवणानंतर ते त्यांच्याच हाती द्यावे. नातवंडांस जे शब्द अडतील ते आजीस अडणार नाहीत.